मथळा माझा होता

५ फेब्रुवारी २००३. न्यूयॉर्कमध्ये सकाळचे साडेदहा, कोल्हापुरात रात्रीचे नऊ. आमच्या दैनिकाची डाक आवृत्ती मध्यरात्रीनंतर सुटायची. गडहिंग्लज, आजरा, चंदगडकडे अंक नेणाऱ्या जीपगाड्या खाली उभ्या राहायच्या आणि त्यांचे ड्रायव्हर जिन्याच्या तोंडाशी चहा पीत वर बघायचे. परदेशाचं पान माझ्याकडे होतं. मी तेव्हा अठ्ठावीस वर्षांची होते आणि त्या पानाचा मला मनापासून अभिमान होता.

त्या रात्री संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा परिषदेत अमेरिकेचे परराष्ट्रमंत्री कॉलिन पॉवेल बोलत होते. ते सव्वा तासाच्या आसपास बोलले. त्यांनी ध्वनिफिती ऐकवल्या, उपग्रहातून घेतलेली छायाचित्रं दाखवली, मालमोटारींवर बसवलेल्या फिरत्या प्रयोगशाळांची चित्रं पडद्यावर आणली. एका क्षणी त्यांनी पांढऱ्या भुकटीची चिमुकली कुपी दोन बोटांत धरून वर उचलली. ऑफिसातला टीव्ही कोपऱ्यात उंच लावलेला होता. क्रीडा पानावरचे दोघंसुद्धा काम टाकून त्याच्याखाली येऊन उभे राहिले.

वृत्तसंस्थेची कॉपी तुकड्यातुकड्यांनी येत होती. पहिल्या परिच्छेदात इंग्रजी वाक्य असं होतं की इराक बंदी असलेली अस्त्रं लपवत आहे हे दाखवणारे, पॉवेल यांच्या म्हणण्यानुसार, पुरावे त्यांनी मांडले. ‘यांच्या म्हणण्यानुसार’ हे शब्द त्या वाक्यात होते. मला ते आजही स्पष्ट दिसतात. पण मथळ्यात एवढी जागा नसते. मी लिहिलं, ‘इराकच्या संहारक अस्त्रांचे पुरावे सादर’. आमचे मुख्य उपसंपादक, ज्यांना सगळे अण्णा म्हणत, त्यांनी चष्म्यावरून बघितलं आणि म्हणाले, “झकास. पान सोड आता.” मी पान सोडलं.

बातमी सात परिच्छेदांची झाली होती आणि जागा पाचांची होती. बातमी खालून कापतात. कोणत्याही वृत्तपत्रात डेस्कवर बसलेल्या मुलाला पहिल्या आठवड्यात हे शिकवलं जातं: महत्त्वाचं वर, कमी महत्त्वाचं खाली, म्हणजे घाईच्या वेळी डोळे मिटून खालचे परिच्छेद उडवता येतात. त्या रात्री उडालेल्या दोन परिच्छेदांपैकी एकात त्याच बैठकीत इराकचे राजदूत मोहम्मद अल दौरी यांनी दिलेला नकार होता. दुसऱ्यात फ्रान्सचे परराष्ट्रमंत्री दोमिनिक द व्हिलपँ यांचं म्हणणं होतं की इराकमध्ये तपासणी करणाऱ्या शस्त्रनिरीक्षकांची संख्या वाढवा, त्यांना आणखी वेळ द्या. गडहिंग्लजच्या वाचकाला सकाळी चहाबरोबर कळलं ते एवढंच की पुरावे सादर झाले.

आठवड्याभराने तिकडूनच एक पोस्टकार्ड आलं. निळी शाई, सुवाच्य, तिरकस अक्षर. एका निवृत्त मुख्याध्यापकांचं होतं. ‘मा. संपादक, स.न.वि.वि.’ अशी सुरुवात करून त्यांनी लिहिलं होतं की आपल्या दिनांक ६ च्या अंकात ‘पुरावे सादर’ असा मथळा आहे. शाळेत एका मुलाने दुसऱ्यावर चोरीचा आळ घेतला तर आपण त्याला आरोप म्हणतो. दप्तर तपासून वस्तू सापडली की मग पुरावा म्हणतो. येथे दप्तर तपासणारे अद्याप तपासत आहेत, मग हे पुरावे आहेत असे कोणी ठरवले? खाली ‘आपला नम्र’ आणि सही.

पत्रव्यवहाराच्या सदरासाठी ते निवडलं गेलं नाही. पान माझं म्हणून कोणीतरी ते माझ्या टेबलावर आणून टाकलं. मी ते खणात ठेवून दिलं.

त्या पोस्टकार्डाकडे आता वळून बघते तेव्हा एक गोष्ट मला फार खुपते. आंतरराष्ट्रीय बातमीतला पक्षपात म्हटलं की आपण कुणीतरी मुद्दाम खोटं लिहिल्याची कल्पना करतो. लंडन किंवा वॉशिंग्टनमध्ये कुणी बसलाय, त्याला मालकाचा फोन येतो, तो बातमी फिरवतो. असं कधी घडतही असेल. माझ्या टेबलावर मात्र कुणाचाही फोन आला नव्हता. सद्दामबद्दल मला प्रेम नव्हतं आणि बुशबद्दलही नव्हतं. एक वाक्य आखूड करायचं होतं आणि दोन परिच्छेद कापायचे होते. तेवढ्यात आरोपाचा पुरावा झाला, आणि आरोपीचं म्हणणं कचऱ्यात गेलं.

हे माझ्या एकटीपुरतं असतं तर त्याला काही किंमत नव्हती. पण कापायच्या आधी ती बातमी जशी माझ्यापर्यंत आली तिची बांधणीच अशी होती की खाली नेमकं ते सापडावं. पहिल्या परिच्छेदात कोण बोलणार हे पदावरून ठरतं. अमेरिकेचा परराष्ट्रमंत्री बोलला की ती बातमी, आणि इराकचा राजदूत बोलला की ती प्रतिक्रिया. निरीक्षकांचे प्रमुख हान्स ब्लिक्स १४ फेब्रुवारीला त्याच सभागृहात शांतपणे म्हणाले की पॉवेल यांनी दाखवलेल्या छायाचित्रांतली वाहनांची ये-जा नेहमीच्या कामाचीही असू शकते. ते वाक्य माझ्या पानावर आलं, पण एका कॉलमात, वजनकाट्यात एका बाजूला दगड आणि दुसरीकडे चिमूटभर मीठ ठेवावं तसं.

मागचा सगळा घटनाक्रम मला नंतर, हळूहळू कळत गेला. ८ सप्टेंबर २००२ च्या रविवारी न्यूयॉर्क टाइम्सने पहिल्या पानावर बातमी दिली की इराक विशिष्ट प्रकारच्या ॲल्युमिनियमच्या नळ्या मिळवू पाहतो आहे आणि त्या अणुबॉम्बसाठी युरेनियम समृद्ध करायला लागतात. माहिती नाव न घेता सरकारी अधिकाऱ्यांनी दिली होती. त्याच सकाळी उपाध्यक्ष डिक चेनी टीव्हीवर मुलाखतीला बसले आणि म्हणाले, बघा, आजच्या न्यूयॉर्क टाइम्समध्येच आलं आहे. म्हणजे सरकारने पेपराच्या कानात सांगायचं, पेपराने छापायचं, आणि सरकारने तोच पेपर साक्षीदार म्हणून लोकांपुढे उभा करायचा. अमेरिकेच्याच ऊर्जा खात्यातल्या तज्ज्ञांचं मत होतं की त्या नळ्या तोफखान्याच्या साध्या रॉकेटसाठीच्या दिसतात. ते मत त्या रविवारी कुणाच्या कानावर पडलं नाही. आणि फिरत्या प्रयोगशाळांची हकिगत तर जवळजवळ सगळी एका इराकी निर्वासिताच्या सांगण्यावर उभी होती. जर्मन गुप्तचरांकडे तो ‘कर्व्हबॉल’ या टोपणनावाने नोंदलेला होता. २०११ मध्ये त्याने स्वतःच कबूल केलं की ते सगळं आपण रचलं होतं.

पॉवेल यांच्या भाषणाच्या आधीचा एक आणि नंतरचा एक अशा दोन आठवड्यांत अमेरिकेतल्या चार मोठ्या वाहिन्यांच्या संध्याकाळच्या बातम्यांत इराकबद्दल कोण कोण बोललं, याची मोजदाद ‘फेअर’ नावाच्या तिथल्याच माध्यमनिरीक्षक संस्थेने केली. एकूण ३९३ माणसं पडद्यावर आली. त्यांतले २६७ अमेरिकन होते. त्या अमेरिकनांपैकी ७५ टक्के सरकारी किंवा लष्करी अधिकारी, आजी नाहीतर माजी. त्यानंतर लगेच, १५ फेब्रुवारीला, लंडन, रोम, माद्रिद आणि इतर कितीतरी शहरांत लाखो माणसं युद्धाविरुद्ध रस्त्यावर उतरली होती. त्या माणसांची बातमी झाली, पण ‘गर्दी’ म्हणून, छायाचित्रासकट. त्यांचं म्हणणं काय आणि ते कशाच्या आधारावर, यावर कुणी त्यांना स्टुडिओत बसवून दहा मिनिटं विचारलं नाही.

वेगळं लिहिणारे होते. नाइट रिडर नावाच्या वृत्तपत्रसमूहाच्या वॉशिंग्टन कार्यालयात जोनाथन लँडे आणि वॉरन स्ट्रोबेल हे दोघं बातमीदार आणि त्यांचे प्रमुख जॉन वॉलकॉट महिनोन्महिने लिहीत राहिले की गुप्तचर खात्यातल्या लोकांनाच या दाव्यांबद्दल शंका आहेत. टाइम्सची नळ्यांची बातमी यायच्या दोनच दिवस आधी त्यांची बातमी आली होती की ठोस पुराव्याच्या अभावामुळे वरिष्ठ अधिकारी अस्वस्थ आहेत. त्यांचे पेपर वॉशिंग्टन-न्यूयॉर्कच्या बाहेरचे. मंत्र्यांच्या बंगल्यावर त्यांना कुणी जेवायला बोलवत नव्हतं. म्हणून ते खालच्या पायरीवरच्या माणसांकडे गेले, जे कागद खरोखर वाचत होते. मला या दोघांबद्दल फार आदर वाटतो. आणि फार दुःखही होतं, कारण त्यांचा एक शब्दही त्या वर्षभरात माझ्या टेबलापर्यंत पोचला नाही. आम्ही ज्या वृत्तसंस्थेचे पैसे भरत होतो तिच्या वाटेवर तो नव्हता.

पत्रकारितेच्या वर्गात असताना आम्हाला यावर एक अख्खा धडा होता. जगातल्या बातम्यांचा प्रवाह मूठभर पाश्चात्त्य वृत्तसंस्थांच्या हाती आहे, म्हणून अलिप्त राष्ट्रांनी सत्तरच्या दशकात आपला स्वतंत्र वृत्तसंस्था-संघ काढला, सीन मॅकब्राइड यांच्या अध्यक्षतेखालच्या युनेस्कोच्या आयोगाने १९८० मध्ये अहवाल दिला, वगैरे. परीक्षेपुरतं पाठ केलं. पण त्या संघातून यायच्या त्या बहुतेक देशोदेशींच्या सरकारी वृत्तसंस्थांच्या बातम्या, मंत्र्याने काय उद्घाटन केलं आणि राष्ट्राध्यक्ष काय म्हणाले. त्या कुणी छापेना. एका सत्तेच्या तोंडून आलेलं नको म्हणून दुसऱ्या सत्तेच्या तोंडून घ्यायचं, यात वाचकाच्या हाती नवीन काही पडत नाही.

बाबांचा बीबीसीवर अढळ विश्वास होता. आम्ही मूळचे बेळगावचे. आमच्या जुन्या घरात खिडकीत एक ट्रान्झिस्टर असायचा आणि संध्याकाळी बीबीसीची हिंदी सेवा लागायची, मध्ये खरखर, मग पुन्हा आवाज. ३१ ऑक्टोबर १९८४ ला इंदिरा गांधी गेल्याचं बीबीसीने दुपारीच सांगून टाकलं आणि आकाशवाणी संध्याकाळपर्यंत थांबून राहिली, हे बाबांनी मला कमीत कमी पन्नास वेळा सांगितलं असेल. “आपलं सरकार लपवतं, ते सांगतात,” हा त्यांच्या पिढीचा अनुभव होता आणि तो खोटा नव्हता.

पण पॉवेल यांच्या भाषणानंतर मी घरी फोन केला तेव्हा बाबांनी विचारलं, “हलबजाचं काय छापलंस?” मला प्रश्न कळला नाही. १६ मार्च १९८८ ला सद्दामच्या विमानांनी इराकमधल्याच कुर्दांच्या हलबजा गावावर विषारी वायू टाकला. सुमारे पाच हजार माणसं गेली. बाप बाळाला छातीशी धरून उंबऱ्यात पडलेला, अशी ती छायाचित्रं. त्या दिवसांत सद्दाम इराणशी लढत होता आणि अमेरिका त्याच्या पाठीशी होती. अमेरिकी सरकारकडून तेव्हा सांगितलं गेलं की यात इराणचाही हात असू शकतो. बातमी आली, काही दिवस राहिली आणि विरली. २००२ मध्ये तेच गाव अचानक प्रत्येक भाषणात आणि प्रत्येक वाहिनीवर आलं: आपल्याच लोकांवर वायू सोडणारा हुकूमशहा. त्यातलं अक्षर न् अक्षर खरं होतं. चौदा वर्षांपूर्वीही ते तेवढंच खरं होतं. “तेव्हा इतकं का नाही बोलले ते लोक?” एवढंच बाबा म्हणाले. बीबीसीवरचा त्यांचा विश्वास उडाला नाही, पण त्या दिवसापासून ते बातमी ऐकून झाल्यावर ट्रान्झिस्टर बंद करून थोडा वेळ गप्प बसायला लागले.

हलबजाची छायाचित्रं काढणाऱ्यांत इराणचे कावेह गोलेस्तान होते. २ एप्रिल २००३ ला, याच युद्धाच्या वार्तांकनासाठी बीबीसीबरोबर काम करताना, उत्तर इराकमध्ये भूसुरुंगावर पाय पडून ते गेले. त्यांच्या मृत्यूची बातमी मी माझ्या पानावर चार ओळींत दिली. हलबजाचा उल्लेख मी स्वतःहून घातला होता. तेवढं एक काम माझ्या हातून नीट झालं.

युद्ध सुरू झाल्यावर भाषेचा प्रश्न रोज रात्री समोर येऊन बसायला लागला. मराठीत ‘ठार’ हा शब्द डेस्कवरच्या माणसाला फार सोयीचा आहे, कारण त्याला कर्ता लागत नाही. ‘बगदादच्या बाजारात स्फोट, पन्नासहून अधिक ठार’. २८ मार्चला शुला भागातल्या बाजाराची बातमी मी अशीच दिली. स्फोट जणू आपोआप झाला आणि माणसं आपोआप मेली. इराकी म्हणत होते अमेरिकेचं क्षेपणास्त्र, अमेरिकन अधिकारी म्हणत होते कदाचित इराकचंच. पण त्याच आठवड्यात कुवेतवर आलेल्या क्षेपणास्त्राच्या बातमीत मी मथळ्यातच ‘इराकचा मारा’ असं बेधडक लिहिलं होतं. एका बाजूच्या बॉम्बला मालक होता, दुसऱ्या बाजूचा बॉम्ब बेवारशी होता. हे मी कुणाच्या सांगण्यावरून केलं नाही. कॉपीत तसं होतं आणि माझ्या कानाला ते खटकलं नाही.

सरकारांनाही शब्दांचं वजन चांगलं माहीत असतं. त्या एप्रिलमध्ये आपल्या लोकसभेने इराकवरच्या हल्ल्याविरुद्ध एकमताने ठराव केला. अध्यक्षपदावर तेव्हा मनोहर जोशी होते. ठरावाच्या हिंदी मसुद्यात शब्द होता ‘निंदा’. इंग्रजीत त्याचं ‘कंडेम’ करायचं की त्याहून सौम्य ‘डिप्लोर’, यावर बराच खल झाला आणि शेवटी सौम्य शब्द गेला. देशातल्या माणसांना कडक वाटावं आणि वॉशिंग्टनला मऊ लागावं अशी ती व्यवस्था. मी मराठीत काय लिहिणार? ‘निषेध’ लिहिलं तर इंग्रजीपेक्षा जड, ‘खेद’ लिहिलं तर हिंदीपेक्षा हलकं. अण्णांशी त्या रात्री माझा पहिल्यांदा वाद झाला. मी ‘निंदा’ तसंच ठेवलं आणि चौकट करून खाली लिहिलं की इंग्रजी मसुद्यात वेगळा शब्द आहे. त्या चौकटीवर कुणाचं पत्र आलं नाही, पण ती सुटली याचं मला समाधान आहे.

दुसऱ्याच दिवशी, ९ एप्रिलला, फिरदोस चौकातला सद्दामचा पुतळा पडला. आम्ही पहिल्या पानावर चार कॉलमी फोटो वापरला, ओळ होती ‘बगदादच्या जनतेने हुकूमशहाला उखडले’. फोटोत पुतळ्याभोवती माणसंच माणसं. तोच चौक लांबून, वरून घेतलेली छायाचित्रंही आहेत. त्यांत मधोमध थोडी माणसं, कडेला रणगाडे आणि बाकी सगळा चौक मोकळा दिसतो. पुतळा खेचला तो अमेरिकी मरीन्सच्या चिलखती वाहनाने. तो पाडायची कल्पना मरीन्सच्याच एका कर्नलची होती, हे पुढे अमेरिकी सैन्याच्या स्वतःच्या अभ्यासात नोंदलं गेलं. आणि चौक तो का? कारण समोरच पॅलेस्टाइन हॉटेल होतं आणि जगभरचे बातमीदार तिथे राहत होते. कॅमेऱ्यांना जिना उतरून खाली यायचं होतं इतकंच. आनंद झालेली माणसं त्या चौकात खरोखर होती, सद्दामचा जाच खरा होता, त्या माणसांचा आनंद मी नाकारत नाही. पण ‘बगदादची जनता’ हे शब्द मी कुठून आणले?

आदल्याच दिवशी, ८ एप्रिलला, त्याच हॉटेलवर अमेरिकी रणगाड्याचा गोळा येऊन रॉयटर्सचे तारास प्रोत्स्युक आणि स्पॅनिश वाहिनीचे होसे कौसो हे कॅमेरामन मरण पावले होते. त्याच सकाळी अल जझीराच्या बगदाद कार्यालयावर अमेरिकी हल्ला होऊन तारिक अय्यूब गेले. एका दिवसात तीन पत्रकार. चोवीस तासांत पुतळ्याने ती बातमी पुसून टाकली, माझ्या पानावरूनही.

या युद्धात सहाशेहून अधिक बातमीदार अमेरिकी तुकड्यांबरोबर फिरत होते. सैनिकांबरोबर जेवायचं, त्यांच्याच गाडीत झोपायचं, गोळी आली तर त्यांच्याच आडोशाला बसायचं. अशा माणसाने ‘आम्ही पुढे सरकलो’ असं लिहिलं तर त्याचा राग करता येत नाही. ज्याने आपला जीव वाचवला त्याच्या खांद्यावरून जग बघणं स्वाभाविक आहे. पण बाबा म्हणायचे, सैन्याबरोबर जाऊनही खरं लिहिता येतं, आपल्या बेळगावात जन्मलेल्या माणसाने ते करून दाखवलंय.

अँथनी मस्करेन्हस. गोव्याच्या ख्रिस्ती कुटुंबातले, जन्म बेळगावचा, शिक्षण आणि नोकरी कराचीत. एप्रिल १९७१ मध्ये पाकिस्तानी लष्कराने आठ पत्रकारांना पूर्व पाकिस्तानच्या दहा दिवसांच्या दौऱ्यावर नेलं, सगळं कसं सुरळीत आहे ते लिहावं म्हणून. अधिकारी त्यांच्याशी मोकळेपणाने बोलले, आपलाच माणूस समजून. कुणाला कुठे कसं मारलं ते अभिमानाने सांगितलं. परतल्यावर सात जणांनी हवं तसं लिहून दिलं. मस्करेन्हसनी घरी सांगितलं की जे पाहिलं ते लिहिता आलं नाही तर मी पुन्हा एक शब्दही लिहू शकणार नाही. बहीण आजारी असल्याचं निमित्त काढून ते लंडनला गेले, संडे टाइम्सचे संपादक हॅरल्ड इव्हान्स यांना भेटले, परत कराचीत आले, आधी बायकामुलांना बाहेर काढलं आणि मग स्वतः सीमा ओलांडून अफगाणिस्तानात उतरले. १३ जून १९७१ च्या अंकात त्यांचा लेख आला. मथळा एका शब्दाचा होता: ‘जेनोसाइड’. वंशसंहार.

त्या एका शब्दामागे घर, नोकरी, देश, सगळं सोडून आलेला माणूस उभा होता. माझ्या ‘पुरावे’ या शब्दामागे डाक आवृत्तीची घाई उभी होती. ही तुलना बाबांनी कधी केली नाही. मी केली.

आणि हे सगळं पाश्चात्त्यांबद्दलच आहे असं मला म्हणायचं नाही, कारण आम्हीही कुणासाठी तरी पाश्चात्त्य असतो. २०१५ च्या सप्टेंबरात नेपाळने नवं संविधान स्वीकारलं. भारताच्या सीमेलगतच्या तराईतल्या मधेशी लोकांना त्यात आपल्यावर अन्याय झाल्याचं वाटत होतं, आंदोलनात माणसं मारली गेली होती, आणि त्यांचं गाऱ्हाणं काठमांडूच्या पेपरांत दबलेलं होतं हेही खरं. मग रक्सौल-वीरगंजसारख्या नाक्यांवरून जाणारं पेट्रोल, गॅस, औषधं अडली आणि काही महिने अडलेलीच राहिली. नेपाळी माणूस त्याला भारताची नाकाबंदी म्हणत होता. आपलं सरकार म्हणत होतं की अडथळा नेपाळच्या बाजूला आहे. आपल्या बहुतेक पेपरांनी, मी तेव्हा पुण्यात ज्याच्यासाठी भाषांतरं करायचे त्यानेही, ‘सीमेवर वाहतूक ठप्प’ असं छापलं. आमच्या सोसायटीचा वॉचमन नेपाळचा होता, पोखऱ्याच्या वरच्या डोंगरातला. त्याच्या घरी महिनाभर चूल लाकडांवर चालली होती. रद्दीतला पेपर तो रोज चाळायचा. एके संध्याकाळी मला गेटजवळ थांबवून म्हणाला, “दीदी, आप के पेपर में लिखा है रास्ता बंद है. किसने बंद किया, वो नहीं लिखा.”

शुलाच्या बाजारातला बेवारशी बॉम्ब बारा वर्षांनी पुन्हा माझ्या दारात आला होता. या वेळी मी बलवान बाजूच्या पेपरात होते. मी त्याला म्हटलं, “भैया, बराबर बोल रहे हो.” आणखी काय बोलायचं ते सुचलं नाही.

मी खणातल्या पोस्टकार्डाकडे परत जाते. २६ मे २००४ ला न्यूयॉर्क टाइम्सने संपादकीय टिपण छापलं की इराकच्या अस्त्रांबद्दलचं आपलं वार्तांकन पुरेसं काटेकोर नव्हतं. त्यात एक फार नेमकी कबुली होती: धडकी भरवणाऱ्या दाव्यांच्या बातम्या ठळक जागी गेल्या आणि त्यांच्यावर शंका घेणाऱ्या पुढच्या बातम्या आत गाडल्या गेल्या. खुद्द ते टिपणही आतल्या, दहाव्या पानावर होतं. मी त्याची बातमी केली. तिला एक कॉलम, सात ओळी जागा मिळाली.

मी अण्णांना म्हटलं, आपणही दोन ओळी घालूया, आपल्या वाचकांसाठी. ते रागावले नाहीत. खरंच न कळल्यासारखे म्हणाले, “आपण कुठं चुकलो? कॉपी एजन्सीची होती की.” ते सज्जन गृहस्थ होते. चाळीस वर्षं त्यांनी इमानेइतबारे काम केलं आणि कुणाकडून कधी पाकीट घेतलं नाही. त्यांना त्या वाक्यात काही वावगं वाटत नव्हतं, आणि मला त्यांना पटवता आलं नाही.

घरी जाऊन मी एक पोस्टकार्ड लिहिलं. पंधरा महिने उशिरा. ‘आपले दिनांक अमुकचे पत्र मिळाले होते. आपण विचारलेत, ते पुरावे आहेत असे कोणी ठरवले. मूळ बातमीत तसे म्हटलेले नव्हते. मथळा माझा होता.’ नाव आणि सही केली आणि दुसऱ्या दिवशी ऑफिसला जाताना पेटीत टाकलं. उत्तर येईल असं मनात नव्हतं. तेव्हाच त्यांचं वय बरंच असावं.

उत्तर आठ दिवसांत आलं. तीच निळी शाई, अक्षर किंचित थरथरतं. आपल्या पत्राने आनंद झाला, असं एक वाक्य होतं. मग लगेच पुढे: ‘परवाच्या अंकात नजफ येथे अमेरिकी फौजांशी झालेल्या चकमकीत इतके अतिरेकी ठार, असे वाचले. मुक्तदा अल सद्र या शिया धर्मगुरूंचे हे लोक त्याच गावचे रहिवासी असल्याचे आपल्याच आदल्या बातमीत होते. त्यांना अतिरेकी कोणी म्हटले, हे कळवावे.’

मी संगणकावर त्या दिवसाची फाइल उघडली. वृत्तसंस्थेच्या मूळ कॉपीत ‘फायटर्स’ असा शब्द होता, सुरुवातीपासून शेवटपर्यंत. अतिरेकी हा शब्द तिच्यात कुठेच नव्हता.